दगड न सोडणारा मासा

आमच्या सासूबाईंना कॅनडात एका माशाखेरीज काहीही आवडलं नाही. तो मासाही असा, की गळाला लागला तर इथले लोक शिवी हासडून परत पाण्यात टाकतात.

नवरा रिटायर झाल्यावर आम्ही रेजिना सोडून नोव्हा स्कोशियात समुद्राकाठी घर घेतलं. सासरे गेले आणि मालवणहून आईंना इकडे आणलं. पहिले काही आठवडे त्या ताटावर नुसत्या बसायच्या. ग्रोसरीतला फ्रोजन मासा बोटाने बाजूला सारायच्या. "ह्याच्यात जीव नाय गो." मेलेल्या माशात जीव कुठून आणू, असं अगदी ओठांवर यायचं, पण गिळायचे. नवरा म्हणाला, दिवाळीनंतर बघू, नाहीच रमली तर तिकीट काढू. मला मात्र त्या राहायला हव्या होत्या. मुलगा ओकव्हिलला, नवरा दिवसभर बेसमेंटमध्ये काहीतरी ठोकत असतो. मराठीत भांडायला घरात माणूस लागतं की नाही?

उन्हाळ्यात एका सकाळी त्यांना गावच्या धक्क्यावर नेलं. शिनाण्याचं, म्हणजे खडकावरच्या काळ्या शिंपल्याचं, मांस लावून त्यांनी गळ टाकला, तो खडकांच्या अगदी फटीत. दोनदा आमिष पळवलं गेलं. "चोर मेलो!" म्हणत तिसऱ्यांदा झटका दिला आणि एक वीतभर मासा वर आला. पाठ गंजासारखी तांबूस, अंगावर निळसर झाक, ओठ जाड, पुढचे दात बाहेर. इथे त्याला कनर म्हणतात. एक नारिंगी निघतो, दुसरा शेवाळासारखा हिरवा. ज्या खडकात राहील तिथला रंग घेतो. आईंनी उलटासुलटा करून बघितला. "तांबोशीची गरीब भैण दिसता," म्हणाल्या, आणि किती दिवसांनी हसल्या.

पण श्रावण लागला होता. श्रावणात आमच्याकडे मासा खात नाहीत. सासूबाईंनी त्यावर तोड काढली. रोज धक्क्यावर जायचं, कनर पकडायचा, "गणपती जावंदे, मगे बघतंय तुका," असं त्याला बजावायचं आणि सोडून द्यायचं. बाजूचे मासेमारीवाले माना हलवायचे. मी लाजून मरायचे, पण आई घरी येऊन दोन पोळ्या जास्त खायच्या, त्यामुळे गप्प बसायचे.

गौरी-गणपती झाले आणि कनर कढईत आला. काटे भरपूर, मांस जेमतेम. तरी तिरफळं घालून केलेलं ते दाट, झणझणीत तिखलं आम्ही बोटं चाटून खाल्लं. आता बाई रमल्या, असं मी मनात धरून चालले. त्यांच्यासाठी विंटर जॅकेटही आणलं, जांभळं.

दिवाळी झाली, पाणी गारठलं आणि गळाला काही लागेना. तीन-चार फेऱ्या फुकट गेल्या. जांभळ्या जॅकेटात आई धक्क्याच्या कडेला उभ्या राहून पाण्यात डोकावत होत्या. "खंय गेले गो सगळे?"

मी जन्मभर शाळेत बायॉलॉजी शिकवली. प्रश्न आला की उत्तर तोंडातून सुटतंच. शिवाय मनात होतं, ह्यांना जरा धीर द्यावा. म्हटलं, "आई, ते कुठेही गेले नाहीत. दुसरे मासे थंडीत खोल पाण्यात पळतात, पण हा आपल्या दगडाखाली पडून राहतो. खात नाही, हलत नाही. पाणी तापलं की बाहेर येतो. बघा, हा एवढासा मासा इथला विंटर काढतो, मग आपल्याला काय झालंय?"

केवढी खूश झाले मी स्वतःवर! आईंनी रिकामा गळ वर ओढला.

"म्हंजे उपाशी रवतलो, पण आपलो दगड सोडूचो नाय?"

"नाही सोडत."

"आणि मी सोडून इलंय," त्या म्हणाल्या. "माझा तिकीट काढ."

मी खूप समजावलं. मालवणचं घर बंद आहे, एकट्या कशा राहाल, गुडघे दुखतात. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि गळाची दोरी गुंडाळली. तिथे शेजारीच त्यांच्या पुतण्याचं घर असल्यामुळे नवऱ्यानेही फार ताणलं नाही. एअरपोर्टवरून परतताना गाडीत मी रडले. त्यांच्यावर नाही, माझ्या त्या मास्तरकीवर चिडून रडले.

जूनमध्ये एकटीच धक्क्यावर गेले. ओहोटी होती, पाणी स्वच्छ. खडकाच्या फटीतून जाड ओठांचं एक नारिंगी तोंड बाहेर आलं. मी तिथूनच व्हिडिओ कॉल लावला. आई मालवणात आपल्या ओट्यावर बसल्या होत्या. गालांवर मांस चढलं होतं. मी फोन पाण्याकडे धरला.

"इलो मा भायर?" त्या ओरडल्या. "बरो आसा मा?"

"बरा आहे. तिथेच आहे, त्याच दगडाशी."

त्या हसल्या. मग फोन अगदी तोंडाजवळ आणून म्हणाल्या, "आणि तुझो दगड खंयचो गो?"

आवाज स्वच्छ येत होता, चित्रही. मी म्हटलं, "आई, नेटवर्क जातंय इथे. नंतर करते," आणि फोन बंद केला.