झेंड्याच्या काठीचं टोक

चौदा एप्रिलला महाडच्या घरावर निळा झेंडा चढवायचा असला, की दामोदर गमरे बांबूचं टोक आधी करवतीनं सपाट करायचे. मग त्यावर फडकं गुंडाळायचे. कुंपणालासुद्धा अणकुचीदार बांबू त्यांना चालत नसे. अण्णांचं खूळ, असं घरचे म्हणत. १९४५ साली ते ब्रिटिशांच्या फौजेतून इंडोनेशियातल्या जावा बेटावर, डचांचं राज्य पुन्हा नको म्हणून उठलेल्या लोकांशी लढायला गेले होते. तिथलं कधी काही बोलले नाहीत. वर्दीतला त्यांचा एकही फोटो नव्हता.

तसा फोटो त्यांच्या मुलाला, भानुदासना, हवा होता. पंच्याहत्तरी उलटली तरी घरच्या भिंतीवरची जागा त्यांनी मोकळी ठेवली होती. भानुदासांचा मुलगा धम्मपाल नेदरलँड्समधल्या ग्रोनिंगनमध्ये जुन्या फिल्म डिजिटल करणाऱ्या संस्थेत काम करतो. यंदा एका डच कुटुंबानं माळ्यावर सापडलेला फिल्मचा एक डबा आणून दिला. वर जावातल्या शहराचं नाव आणि महिना लिहिला होता : सुराबाया, नोव्हेंबर १९४५. फिल्म मूक होती. धम्मपालनं ती एकट्यानं शेवटपर्यंत पाहिली आणि आठवडाभर घरी काही सांगितलं नाही. मग मुक्कामाला आलेल्या वडिलांना संगणकासमोर बसवलं.

"अण्णाच!" भानुदास पुढे सरकले. "बघ, बिडी मुठीत धरलीये. जन्मभर अशीच ओढली. तळवा भाजायचा, आई शिव्या घालायची."

धम्मपालनं चित्र थांबवलं. "हाच फोटो काढतो, बाबा. छान आलाय."

"आणि पुढे?"

"पुढे फिल्म खराब झालीये."

"खालची पट्टी निम्मी बाकी दिसतेय. फिल्मवाला ना तू? खोटं तरी नीट बोल."

धम्मपालनं फिल्म पुढे सोडली.

रस्त्याच्या टोकाला पोरं दिसली. अनवाणी, कपाळाला फडकी, हातात तासून टोकदार केलेले बांबू. दामोदरनी बिडी टाकली आणि ते मशीनगनमागे बसले. पोरं थांबली नाहीत. सगळ्यांत पुढचा काहीतरी ओरडत होता. मग चित्र हादरू लागलं, आणि बराच वेळ नुसतं हादरत राहिलं. धूर निवळला तेव्हा रस्ताभर बांबू पडले होते. पोरंही. दामोदर एकटेच त्यांच्यामधून फिरत होते आणि एकेका बांबूचं टोक बुटाखाली मोडत होते.

"मागे घे," भानुदास म्हणाले. "अजून. हां, इथे. याचा फोटो काढ."

"अण्णांचा नको?"

"या सगळ्यांत पुढच्या पोराचा काढ. अण्णांना जन्मभर हाच दिसत होता."

धम्मपालनं चित्र मोठं केलं. चेहरा फुटून ठिपके ठिपके झाला. उघडं तोंड तेवढं काळं, स्पष्ट राहिलं.