वाटूरच्या सरांचा आयरिश राजा

काळे सर गेल्याचा फोन आला, तेव्हा त्यांची वही माझ्या कपाटात होती. न वाचलेली... हे आधीच सांगून टाकतो.

वाटूरच्या शाळेत आम्ही एकोणीस वर्षं शेजारशेजारच्या वर्गांत शिकवलं. ते इतिहास, मी मराठी. सरांना वेड एकच, आयर्लंडमधल्या हजार-बाराशे वर्षांपूर्वीच्या एका राजाचं. राज्य आपल्या परतूर तालुक्याएवढं. मठातल्या जुन्या नोंदींत त्याच्यावर चारच ओळी. "तिथं ज्याची गुरं जास्त, तो मोठा. आमचा आजा मेंढरं राखायचा, म्हणून मला तो माणूस कळतो," सर म्हणायचे. स्टाफरूममध्ये आम्ही त्यांना 'राजेसाहेब' म्हणून हसायचो. सगळ्यांत मोठ्यानं मी.

निवृत्तीनंतर त्यांनी त्या राजाचं चरित्र मराठीत लिहिलं आणि वही माझ्याकडे आणून दिली. "तुम्ही मराठीचे. तुम्ही बरं म्हणलं की झालं." चार महिन्यांनी आष्टीच्या बाजारात भेटले. वाचलं, छान आहे, असं मी ठोकून दिलं. त्यांचा चेहरा उजळला.

"मंग, त्यानं गादी का सोडली, ते पटलं का?"

"हो ना. लढाई हरल्यावर काय करणार बिचारा!"

"बराबर," सर एवढंच म्हणाले आणि मेथीच्या जुड्या बघायला लागले.

तेराव्यानंतर मी वही उघडली. राजा एकही लढाई हरला नव्हता. शेजारच्या राजाचा भाऊ त्याच्याकडे ओलीस होता. त्याच्या केसालाही धक्का लागणार नाही, असा शब्द राजानं दिला होता. राजा बाहेर गेलेला असताना त्याच्याच माणसांनी ओलिसाला मारलं. जाब विचारायची कुणाची हिंमत नव्हती. तरी त्यानं आपणहून गादी धाकट्या भावाला दिली, मेलेल्याच्या आईपुढे जाऊन उभा राहिला आणि उरलेलं आयुष्य मठात काढलं. समासात सरांनी लिहिलं होतं, 'आईचं नोंदीत नाही. पण तो गेला असणार.'

दुसऱ्या दिवशी मी वाटूरला सरांच्या घरी गेलो. वहिनींना सगळं सांगितलं.

"त्यांला कळल्तं," त्या म्हणाल्या. "बाजारातून आले अन् म्हणले, त्यानं वाचली न्हाई. मी म्हणलं, मंग वही परत आणा. तर म्हणले, राहू दे, वाचंल कधीतरी."

मग वहिनींनी सरांच्या टेबलावरची दुसरी वही आणून माझ्यापुढे ठेवली. पहिल्या पानावर सरांच्या अक्षरात माझं नाव, त्याखाली 'यांनी सुचवलेल्या दुरुस्त्या'. पुढची सगळी पानं कोरी होती.