डबा घरी, बटण बंगळुरूला

दुकान चालवायचं म्हणजे दोन गोष्टी साठतातच. एक रिकामी खोकी, दुसरे किस्से. खोकी आम्ही दिवाळीच्या आधी भंगारवाल्याला देऊन टाकतो. किस्से तो घेत नाही, म्हणून ते मी असे वाटत सुटते!

नागपुरात प्रताप नगरात आमचं गेमिंगच्या सामानाचं छोटं दुकान आहे. माझा नवरा शिरीष विकतो, आणि विकल्यावर जे काही बिघडतं ते मी फोनवर निस्तरते. ही वाटणी आम्ही ठरवून केलेली नाही. शिरीषचा संयम दुसऱ्या 'हॅलो'ला संपतो, एवढंच. तरी मी फोन उचलला की गिऱ्हाईक आधी विचारतंच, "भाऊ आहेत का?"

मी म्हणते, "आहेत. पण त्यांना येत नाही!"

हल्ली बहुतेक फोन एकाच दुखण्याचे असतात. गेमचा डबा, म्हणजे कन्सोल, घरी टीव्हीखाली असतो. माणूस दुसऱ्या गावी बसून, इंटरनेटवरून, आपल्या फोनच्या पडद्यावर घरचाच गेम खेळतो. सोय झकास आहे. फक्त खेळायचा कंट्रोलर हातातल्या त्या फोनला जोडावा लागतो, आणि तो ऐन वेळी रुसतो. मग मी विचारते, "लाइट लागला का?" या प्रश्नाला आमच्याकडे कोणी सरळ उत्तर देत नाही. आधी 'हो' म्हणतात, मग बघतात.

* * *

वानखडेभाऊ संत्र्याचे व्यापारी. सीझनमध्ये काटोलच्या बाजारात लिलाव सुरू व्हायची वाट बघत बसतात आणि बसल्या बसल्या नागपूरच्या घरचा फुटबॉल खेळतात. एकदा तिथूनच फोन आला.

"ताई, कंट्रोलर फोनमध्ये दिसूनच नाही राहिला!"

"ब्लूटूथची यादी उघडा. कंट्रोलरची दोन्ही बटणं दाबून धरा. यादीत नवीन नाव आलं की त्याच्यावर बोट ठेवा."

"आलं, आलं! ठेवलं!"

आणि एकदम स्टेडियमभर माणसांचा आरडाओरडा माझ्या कानात घुसला. झालं होतं असं, की यादीत नवीन आलेलं नाव लिलाव पुकारणाऱ्याच्या स्पीकरचं होतं. त्यानं तो नेमका तेव्हाच चालू केला होता. भर लिलावात, संत्र्यांच्या ढिगाऱ्यांवर, फुटबॉलची मॅच घुमायला लागली.

"ताई," वानखडेभाऊ हळूच म्हणाले, "बोली थांबली ना बाप्पा! सारे माझ्याकडंच पाहून राहिले. काय करू?"

"आता गोल मारा," मी म्हटलं.

"कसा मारू? कंट्रोलर कुठं लागला अजून!"

* * *

खोब्रागडेकाका पहिल्यांदा दुकानात आले ते तक्रार घेऊन. हेडक्लार्क म्हणून रिटायर झालेला माणूस, शर्टाची वरची गुंडीसुद्धा लावलेली.

"मॅडम, आमच्या पोरीनं तुमच्याकडून डबा नेला होता. तो आपोआप सुरू होऊन राहिला."

"आपोआप म्हणजे?"

"रविवारी सकाळी मी चहा पिऊन राहिलो होतो. टीव्ही बंद. एकाएकी टुंग वाजलं, डब्याचा लाइट लागला, मागून टीव्ही लागला, अन् निळ्या टोपीची एक बाहुली पुलावर पळायले लागली. घरात मी एकटा! मंग बाहुलीले पळवून कोण राहिलं?"

शेजाऱ्यांनी प्लग काढून ठेवायचा सल्ला दिला होता. तो कायमचा काढला तर डबा खराब होईल का, एवढंच विचारायला काका आले होते.

"मुलगी कुठे असते काका?"

"बंगळुरूले." मग वरची गुंडी चाचपत म्हणाले, "बोलणं नाही आमचं."

मग हळूहळू कळलं. स्नेहलला सरकारी नोकरी लागली होती. पक्की! ती सोडून पोरगी बंगळुरूच्या खासगी कंपनीत गेली. काका रागात म्हणाले, "नोकरी सोडत असशील तर मले फोन करू नको." पोरगीही बापाचीच, तिनं नाही केला. काकू असत्या तर मधे पडल्या असत्या, पण त्या आधीच गेल्या होत्या. घरात आता काका आणि डबा.

"काका, डबा स्नेहलच सुरू करते, तिथून, फोनवरून," मी सांगितलं. "बाहुली पळवणारी तीच आहे."

काका काचेतल्या सामानाकडे वळले. मग म्हणाले, "म्हणजे रविवारी सकाळी ती घरी राहते?"

मी 'हो' म्हटलं. प्लगचा विषय तिथेच संपला. जाता जाता त्यांनी विचारलं, त्या पुलावर एका वेळी किती बाहुल्या मावतात. दोन, असं म्हणत शिरीषनं दुसरा कंट्रोलर काढून काउंटरवर ठेवलासुद्धा. विकण्यात त्याचा हात कोणी धरू शकत नाही!

* * *

गांधीबागेतले एक शेठ आहेत, कापडाचे ठोक व्यापारी. गावाला जाताना कंट्रोलर फोनला वायरनं जोडून खेळतात. त्यांची तक्रार अशी, की वायर लावली की कंट्रोलर चार्ज होतो, पण गेममधला माणूस जागचा हलत नाही.

"शेठ, ती नुसती चार्जिंगची वायर आहे. तिच्यातून करंट जातो, बटणाचा निरोप जात नाही. दुसरी वायर लागेल."

"अहो भाभी, साऱ्या वायर सारख्याच दिसतात!"

"सुती आणि मिक्स कापड लांबून सारखंच दिसतं ना?"

"कोणाले? मले अंधारातही समजते!"

"तसंच वायरचं आहे."

हे त्यांना मनापासून पटलं. जरा जास्तच पटलं. दुसऱ्या दिवशी शेठ दुकानात येऊन खुर्चीवर मांडी घालून बसले आणि म्हणाले, "दाखवा." एकेक वायर मागायचे, अंगठा आणि बोटाच्या चिमटीत धरून चोळायचे, उजेडात धरायचे, बाजूला टाकायचे. मी सांगत होते, खोक्यावर लिहिलेलं असतं. ऐकतो कोण! शेवटी एक वायर त्यांनी गालाला लावली.

"ही द्या. पोत पाहा हिचा!"

ती चार्जिंगचीच होती.

* * *

काकांनी कंट्रोलर नेला त्याच्या लगेचच्या रविवारी बंगळुरूहून फोन. स्नेहलचा पहिलाच.

"ताई, माझा कंट्रोलर एकदम बंद पडला. गेमच्या बाहेर फेकलं मला! तिथं कोणीतरी माझ्या नावानं आत शिरून राहिलं!"

"कोणीतरी नाही गं. तुझे बाबा आहेत."

पलीकडून अगदी बारीक आवाजात, "बाबांना खेळता येते?"

"येत नाही. म्हणून तर तू बाहेर पडलीस."

मी काकांकडे गेले. काका हात धुऊन, पुसून, कंट्रोलर धरून बसले होते. पडद्यावर 'कोण खेळणार?' असं विचारलं होतं आणि खाली फक्त स्नेहलचं नाव होतं, ते त्यांनी दाबलं होतं. एका नावानं दोघं आत जाऊ शकत नाहीत, डबा आधीच्याला काढून टाकतो, हे मी समजावलं.

"घर एकच आहे, म्हणून दाबलं," काका म्हणाले. "तिले हाकलायचं नव्हतं मले."

मी त्यांचं वेगळं खातं उघडून दिलं. नाव काय टाकू विचारलं, तर म्हणाले, "खोब्रागडे दादाराव सीताराम." मी म्हटलं, नुसतं दादा टाकूया. "असं कसं? पूर्ण नाव लागते मॅडम." त्यामुळे पुलावर लाल टोपीची एवढीशी बाहुली उभी राहिली, आणि डोक्यावर पुलाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत नाव!

तोवर स्नेहल आपल्या नावानं परत आत शिरली होती, आणि तिची निळी टोपी पार पुढे गेली होती. ती थांबली. मागे फिरली. लाल टोपीच्या शेजारी येऊन उभी राहिली. कोणी कोणाला फोन केला नाही. पण त्या दिवसापासून दोघं दर रविवारी खेळायला लागले, मुक्यानं. खेळ असा आहे, की एकानं दोर धरल्याशिवाय दुसऱ्याला चढताच येत नाही.

* * *

एक कुटुंब चिखलदऱ्याला गेलं होतं. मुलगा तिशीचा, नोकरीवाला, हॉटेलातून फोन करत होता आणि तापला होता.

"कंट्रोलर डुप्लिकेट दिला तुम्ही! फोन चालू, नेट चालू, लाइट लागला, तरी गेम लागून नाही राहिला!"

लाइट खरंच लागला होता, म्हणजे कंट्रोलरनं आपलं काम केलं होतं. मी विचारलं, "घरी डबा झोपेत ठेवला होता ना? पूर्ण बंद तर नव्हता केला?"

"झोपेतच ठेवला! मी स्वतः पाह्यलं."

"घरातून शेवटी कोण निघालं?"

"आई."

"निघताना मेन स्विच?"

त्याच्या आधी मागून त्या माउलीचा समाधानी आवाज आला, "बंद केला म्हणा! गॅसही बंद केला. त्यांना म्हणा, काही काळजी करू नका!"

* * *

मधे एका रविवारी कहर झाला. स्नेहलच्या मैत्रिणीनं तिचा कंट्रोलर स्वतःच्या लॅपटॉपला जोडून पाहिला. कंट्रोलरचं असं आहे, की तो शेवटी ज्याच्याकडे गेला त्याचाच होतो. तो स्नेहलच्या फोनला ओळखच देईना. इकडे काकांनी निळी टोपी हलत नाही म्हणून घाबरून स्वतःच्याच कंट्रोलरची सगळी बटणं दाबली, तर त्यांचाही डब्यापासून सुटला. बापाचा फोन दुकानाच्या नंबरवर, लेकीचा माझ्या मोबाइलवर. दोन कानांना दोन फोन, आणि मधे मी!

"मॅडम, तिले विचारा, तिचा लाइट कोणता लागून राहिला."

"स्नेहल, लाइट कोणता?"

"पिवळा. बाबांचा कोणता, विचारा ना."

"काका, तुमचा?"

"माझं राहू द्या. पिवळा म्हणजे चार्जिंग कमी असंन. तिले म्हणा, चार्जिंगले लाव. अन् म्हणा, जेवण वेळेवर करत जा."

"ताई, त्यांना म्हणा, डोळ्यांचे थेंब टाकतात का..."

माझं डोकं सटकलं. एरवी मी शांत बाई आहे, पण मी काय पोस्टमन आहे? दोन्ही फोन स्पीकरवर टाकले, काउंटरवर समोरासमोर ठेवले आणि म्हटलं, "हा बिघाड दोन्ही टोकांनी एकदम बघावा लागतो. तुमचं तुम्ही बघा!" आणि आत चहा टाकायला गेले.

आत जाऊन भिंतीला कान लावला, हे कबूल करते. बराच वेळ काही नाही. मला वाटलं, चुकलंच आपलं. दोघांपैकी एकानं जरी फोन ठेवला असता, तर पुन्हा कोणी कोणाला हाक मारली नसती, आणि तो डबाही बंद झाला असता. दूध उतू गेलं तरी मी हलले नाही.

मग काकांचा आवाज आला. "लाइट लागला का?"

"पिवळाच लागून राहिला बाबा."

"चार्जिंगले लाव मंग. मी आहे फोनवर."

* * *

त्यानंतर दोघांचेही मला येणारे फोन बंद झाले. मला जरा चुकल्याचुकल्यासारखंच वाटायचं. मग एकदा भाजीबाजारात काका भेटले. मी विचारलं, कंट्रोलर कसा आहे?

"मोठा त्रास देऊन राहिला मॅडम," काका वांगी निवडत म्हणाले. "रोजचंच झालं. तासभर फोनवर खटपट करा लागते, तेव्हा कुठं लागते."

मला वाईट वाटलं. आमच्या दुकानची वस्तू, गॅरंटीतली, आणि म्हातारा माणूस बिचारा रोज झटतोय! शिरीषला म्हटलं, काही बोलू नकोस, बदलून देऊ. संध्याकाळी नवा कंट्रोलर घेऊन मी त्यांच्याकडे गेले.

दार उघडंच होतं. काका सोफ्यावर, फोन शेजारच्या उशीवर, स्पीकर चालू.

"नाही वं," काका सांगत होते, "आजही नाही लागला. लाइट नुसता लुकलुकून राहिला."

त्यांच्या हातातल्या कंट्रोलरचा लाइट निळा होता, जागच्या जागी, स्वच्छ. अंगठे सराईतासारखे फिरत होते. टीव्हीवर, आपलं भलंमोठं नाव डोक्यावर घेऊन, लाल टोपीची बाहुली कड्यावर चढत होती. वरून निळ्या टोपीनं दोर धरला होता.

"माझाही नाही लागून राहिला बाबा," स्नेहल म्हणाली, आणि निळ्या टोपीनं दोर ओढला.

काकांनी मला पाहिलं. डोळ्यांनीच बस म्हणाले.

"राहू दे मंग, होईन हळूहळू," ते फोनकडे वळून म्हणाले. "आज भाजी कोणती केली?"