दारातल्या चपला

हिवाळ्यातल्या एका दुपारी मी आणि बायको हातात नकाशा घेऊन दिल्लीतल्या जुन्या वास्तू बघत पायीच भटकत होतो. सोबत गाइड नव्हता आणि कुठे तिकीटही नव्हतं. बागेतल्या एका घुमटापुढे नकाशात एवढंच लिहिलं होतं: कबर, नाव माहीत नाही.

दाराशी हिनं चपला काढल्या.

"अगं, हे देऊळ नाही," मी जरा चिडूनच म्हणालो.

"कुणाचं तरी घर तर आहे ना," असं म्हणून ती अनवाणी आत गेली.

मग मलाही बूट काढावे लागले. फरशी थंडगार होती. जाळीतून आलेलं ऊन कबरीवर नक्षी काढत हळूहळू सरकत होतं. एवढा घुमट बांधून घेणाऱ्याचं नावही उरलं नाही, पण ऊन मात्र रोज न चुकता त्याच्याकडे येतं, असं काहीतरी मनात तरंगत राहिलं. मागून कोणकोण आत आलं, हलक्या आवाजात बोलत राहिलं. किती वेळ गेला कोण जाणे.

बाहेर आलो, तर आमच्या जोड्यांशेजारी अनोळखी चपला-बुटांचे पाचसहा जोड लागले होते. घरी पाहुणे आले की दारात दिसतात, अगदी तसे.