समोरून बघितलेला पडदा

काल सुताराकडे सरस शिजत होता. त्या उग्र वासासरशी उंब्रजचे आप्पा आठवले. सरसात रंग कालवून त्यांनी जन्मभर नाटकांचे पडदे रंगवले. हँडबिलावर नावं मात्र नटांचीच.

सत्तरच्या दशकात मी त्यांच्यावर माहितीपट करत होतो. फिल्मचं शेवटचं रीळ उरलं होतं. मळ्यात दोन बाभळींमध्ये त्यांचा जुना पडदा टांगायचं ठरलं. रिवाजाप्रमाणे नारळ फोडला, पडदा वर गेला, तशी उसाच्या रानातली माणसं येऊन खेळ असल्यासारखी समोर मांडी घालून बसली. वाऱ्यानं पडद्यावरचा हिरवा राजवाडा हलत होता. आप्पा सवयीनं दोरी धरून मागेच उभे.

"आवं आप्पा, म्होरं या की," एक बाई म्हणाली.

दोरी बाभळीला बांधून ते लोकांत येऊन बसले. मग शेजारच्या गड्याला म्हणाले, "भुईवर पसरून रंगवायचा आन खेळाला मागं दोरी धरायची. समोरनं आज बघतोय. लय झ्याक हाय की रं."

मी कॅमेरा राजवाड्यावरून काढून त्यांच्या चेहऱ्यावर नेला आणि रीळ संपेपर्यंत तिथंच ठेवला. पुढे पुष्कळ माहितीपट केले. कॅमेरा कुठं वळवायचा, हे त्या दिवसापासून कुणाला विचारावं लागलं नाही.