जाळ्यापाशी इन्स्पेक्टर

सिनेमात मी तीस वर्षं इन्स्पेक्टर होतो. शेवटच्या पाच मिनिटांत जीप थांबायची, मी उतरून बेड्या घालायचो, चित्रपट संपायचा. दुसरं काही मागायला गेलो की निर्माते म्हणायचे, "तुमचा चेहराच पोलिसाचा आहे हो." या वाक्याचा इतका वीट आला की उतारवयात मी स्वतःच निर्माता झालो. कथा निवडली म्हाताऱ्या कोळ्याची, आणि कोळी मीच होणार होतो. ही एक भूमिका मनासारखी झाली की सुटलो, असं वाटत होतं.

निर्माता होणं म्हणजे काय, ते रेवदंड्याला शूटिंग सुरू झाल्यावर कळलं. परवानग्या, जेवणाचे डबे, कुणाची सुकत घातलेली मासळी कुठे सरकवायची, सगळं माझ्याच डोक्यावर. मेकअपला बसेपर्यंत मी पार गळून गेलेला असायचो.

प्रसंग साधा होता. कोळी जाळं दुरुस्त करत बसलेत, मी येऊन त्यांच्यात बसतो. बसलेले सगळे गावातले, खरे कोळी. मी आलो की ते उठायचे. दिग्दर्शिकेने चार वेळा समजावलं. पाचव्यांदा उठले नाहीत, पण पाय आखडून घेतले आणि हात थांबवले.

"काका, यांना तुमच्यातलेच एक समजा ना," ती त्यांच्यातल्या वयस्कर माणसाला म्हणाली.

"समजतो गो पोरी, पन अंग ऐकत न्हाय. साहेबांना बघत आमी मोठे झालो."

तो माझ्याहून दहा वर्षांनी तरी मोठा असेल.

चित्रपटात माझ्या भावाची छोटी भूमिका करायला एक जुना सोबती आला होता. कितीतरी चित्रपटांत तो माझ्यामागे हवालदार म्हणून मुकाट उभा राहिलेला. दुपारी जेवून तो सहज त्या घोळक्यात टेकला. कुणी मान वर केली नाही. म्हाताऱ्याने न बघताच जाळ्याचं टोक त्याच्या मांडीवर टाकलं आणि म्हणाला, "धर."

दिग्दर्शिकेने ते पाहिलं, मीही पाहिलं. तिने लगेच मान दुसरीकडे वळवली, तेच जास्त लागलं. नटाला काढायचं तर ते निर्मात्यालाच करावं लागतं.

मी सोबत्याला बाजूला घेतलं. "कोळी तू कर."

"आणि तुम्ही?"

"मला बाकीची कामं काय थोडी आहेत?"

तो लगेच हो म्हणाला. मला वाईट वाटलं. दोनदा तरी नको म्हणेल, अशी माझी समजूत होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो जाळ्यापाशी बसला. शॉट पहिल्याच वेळी झाला. दिग्दर्शिकेने डोळे पुसत माझ्याकडे बघितलं. "ओके ना, सर?"

"आणखी एकदा घ्या."

"का? काय चुकलं?"

काहीच चुकलं नव्हतं. सगळे पुन्हा आपापल्या जागी बसले, आणि त्याने ते दुसऱ्यांदाही तितकंच चांगलं केलं.