दातिवऱ्याचा टीव्हीवरचा डॉक्टर

दातिवऱ्याचे कमलाकांत तामोरे तारापूरच्या एका कापड कारखान्यात मशीनवर होते. गावात होळीला नाटक बसलं की त्यांना एखादं छोटं काम मिळायचं, तेवढीच काय ती कला.

एका रविवारी चिंचणीच्या बंगल्यात मालिकेचं शूटिंग होतं. कमलाकांत बघायला गेले. डॉक्टरचं काम करणारा नट आलाच नव्हता. दिग्दर्शकाची नजर गर्दीतल्या या चष्मेवाल्या, पोक्त चेहऱ्याच्या माणसावर गेली आणि दहा मिनिटांत त्यांच्या अंगावर पांढरा कोट चढला. वाक्य एकच होतं, "चोवीस तास काही सांगता येणार नाही." सहा वेळा त्या 'नाही'चं "नाय" झालं. सातव्यांदा जमलं.

मग बोलावणी येत राहिली, आणि दर वेळी डॉक्टरचीच. पाळ्या बदलून ते जायचे. घरी त्यांची बायको हंसा संवाद पाठ करून घ्यायची. 'पाणी'चं 'पानी' झालं की भाताचा डाव तिच्या हातातच थांबायचा. नोकरी संपली तोवर अकरा मालिका आणि दोन सिनेमे झाले होते.

शेजारच्या बायडीमावशी सुकी मासळी विकायच्या. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. टीव्हीवर कमलाकांत पांढरे धूसर दिसायचे, आवाजावरून ओळखू यायचे. बोंबील कुठला नि वाकटी कुठली, ते हात लावूनच कळायचं. मुलगा सांगून थकला, पण त्या दवाखान्याची पायरी चढेनात. एक दिवस त्या कमलाकांतांच्या ओट्यावर येऊन बसल्या.

"तू डॉक्टर हाय ना? तूच बघ माजे डोले."

"मावशी, मी खोटा डॉक्टर हाय."

"एवडे लोक तुज्या हातून बरे झाले, ते काय खोटे?"

शेवटी ते स्वतःच मावशींना पालघरला घेऊन गेले. तिथल्या डॉक्टरांनी डोळे तपासले आणि ऑपरेशन सांगितलं. मावशी कमलाकांतांकडे तोंड करून बसल्या. ते डॉक्टरही मालिका बघणारे निघाले. ते हसून कमलाकांतांना म्हणाले, "तुम्हीच सांगा. माझं ऐकतील असं वाटत नाही."

कमलाकांतांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला आणि मालिकेतल्या जड आवाजात म्हणाले, "ऑपरेशन करावं लागेल. घाबरण्यासारखं काही नाही."

"बरं," मावशी लगेच म्हणाल्या.

पट्टी निघाली तेव्हा कमलाकांत समोरच उभे होते. मावशींनी त्यांना वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

"टीव्हीत गोरा दिसतंस," त्या म्हणाल्या.

मावशींना सुईत दोरा ओवता येतोय हे बघून गावातल्या आणखी चौघीजणी ऑपरेशनला तयार झाल्या. अट एकच, कमलाकांत बरोबर पाहिजेत. त्याच आठवड्यात नव्या सिनेमाचा फोन आला. या वेळी न्यायाधीशाचं काम होतं, चार पानांचे संवाद, आजवरचं सगळ्यात मोठं.

"गुरुवारी या," पलीकडचा माणूस म्हणाला.

"गुरुवारी नाही जमणार. पालघरला चार ऑपरेशनं आहेत."

पलीकडून पानं उलटल्याचा आवाज आला. मग शुक्रवार ठरला.